मोबाईल आणि पुस्तक यांच्या मधलं रान



पालकसभेत हल्ली एकच तक्रार वेगवेगळ्या तोंडून ऐकायला मिळते. "मॅडम, लेकराचं ध्यानच लागत नाही बघा." कुणाचं पोरगं पुस्तक उघडलं की जांभया देतं. कुणाची मुलगी दोन गणितं सोडवून तिसऱ्याला उठते. कुणी धडा घडाघडा वाचतं, पण काय वाचलं ते विचारलं की तोंडाकडं बघत बसतं. मी कारण विचारायच्या आतच उत्तर येतं : मोबाईल. उपायही ठरलेला. मोबाईल कपाटात, कपाटाला कुलूप आणि लेकरू पुस्तकापुढं.

कारण बरोबर आहे. उपाय अर्धा आहे. उरलेल्या अर्ध्याबद्दल आज तुमच्याशी बोलायचंय.

सुरुवात आपल्याच धाराशिव जिल्ह्यापासून करू. उमरगा तालुक्यातल्या जकेकूरवाडीनं काही वर्षांपूर्वी ठरवलं, की संध्याकाळी सहा ते आठ गावातले टीव्ही आणि मोबाईल बंद ठेवायचे आणि मुलांनी अभ्यासाला बसायचं. सांगली जिल्ह्यातल्या कडेगाव तालुक्यात मोहित्यांचे वडगाव आहे. तिथं 2022 साली संध्याकाळी सातला मंदिरावरचा भोंगा वाजू लागला. दीड तास सगळे पडदे बंद आणि साडेआठला पुन्हा भोंगा. त्याच वर्षी नोव्हेंबरात यवतमाळ जिल्ह्यातल्या बांशी गावानं तर अठरा वर्षांखालच्या मुलांच्या हाती मोबाईलच द्यायचा नाही, असा ठराव केला.

या गावांचं मला मनापासून कौतुक वाटतं. शेजारच्या घरात मालिका चालू असताना आपल्या लेकराला अभ्यासाला बसवणं किती अवघड असतं, हे तुम्हाला माझ्याहून जास्त माहीत आहे. एकट्या आईनं ओरडून जे होत नाही, ते गावानं मिळून ठरवलं की सोपं होतं. पोरालाही वाटत नाही की आपल्याच वाट्याला हे आलंय.

पण भोंगा वाजल्यानंतर पोराच्या डोक्यात काय चाललेलं असतं, ते जरा बारकाईनं बघू. पावणेसातपर्यंत ते रील सरकवत होतं. सातला त्याच्यापुढं अपूर्णांकांची बेरीज आली. पडदा बंद झाला हे खरं, पण मघाशी दमलेलं डोकं पंधरा मिनिटांत ताजं कुठून होणार? ते पुस्तकाकडं बघतं, ओळी डोळ्यांखालून जातात, डोक्यात काही उतरत नाही. आपण म्हणतो, आळशी झालंय. पोरगं आळशी नसतं, उपसलेलं असतं.

हे आपल्याला विहिरीवरून चटकन कळेल. फेब्रुवारी-मार्चातली आपल्याकडची विहीर डोळ्यांपुढं आणा. मोटार तासभर चालली की पाणी तळाला जातं. आपण मोटार बंद करतो आणि झऱ्याला वेळ देतो. रात्रभरात हात-दोन हात पाणी साठतं, सकाळी पुन्हा चार सऱ्या भिजतात. लक्षाचं तसंच आहे. ते वापरलं की खर्ची पडतं आणि उसंत मिळाली की भरून येतं. आणि विहिरीला हे ठाऊक नसतं की पाणी उसाला गेलं की कांद्याला. मोबाईलची मोटार बंद करून त्याच क्षणी अभ्यासाची मोटार चालू केली, तर झऱ्याला उसंत मिळालीच कुठं?

विल्यम जेम्स या अमेरिकी मानसशास्त्रज्ञानं 1890 सालीच लिहून ठेवलं होतं, की लक्ष दोन तऱ्हेचं असतं. एक आपण जोर लावून धरतो ते. गणित, व्याकरण, परीक्षेचा पेपर यांना तेच लागतं. दुसरं आपोआप जातं ते. आवाज झाला की मान वळते, काही हललं की नजर जाते. पहिल्या तऱ्हेचं लक्ष दमतं, कारण ते धरून ठेवताना बाकीचं सगळं बाजूला सारत बसावं लागतं. मोबाईल आपोआप जाणाऱ्या लक्षाला सतत हिसके देतो. दहा सेकंद नाच, दहा सेकंद अपघात, दहा सेकंद विनोद. प्रत्येक वेळी डोक्यानं आधीचं टाकायचं आणि नवं उचलायचं. मधे मोकळी जागा नाही. पूर्वी इंटरनेटवरचं पान संपायचं आणि पुढचं उघडायला बटण दाबावं लागायचं, तेवढ्यात उठायची बुद्धी तरी व्हायची. आता रकाना संपतच नाही. बोट सरकवत राहा, खालून नवं येत राहतं आणि पुढचं काय येईल हे ठाऊक नसल्यानंच बोट थांबत नाही. ही रचना मुद्दाम केलेली आहे. जितका वेळ डोळे तिथं, तितक्या जाहिराती. तेव्हा दहा वर्षांच्या लेकराला 'तुला कसं कळत नाही' असं म्हणण्यात अर्थ नाही. पलीकडं शिकलीसवरलेली माणसं पगार घेऊन त्याला खिळवून ठेवण्याच्या कामाला बसलेली आहेत.

मग झरा भरतो कशानं? झोपेनं भरतोच. त्याखेरीज आणखी एक गोष्ट आहे आणि ती आपल्या दारात आहे.

मिशिगन विद्यापीठातल्या रेचल आणि स्टीफन कॅप्लन या नवरा-बायकोनं आयुष्यातली बरीच वर्षं या एकाच प्रश्नावर घालवली. 1989 साली त्यांचं पुस्तक आलं. त्यात त्यांनी मांडलं, की झाडं, पाणी, ढग, पाखरं यांच्याकडंही लक्ष आपोआप जातं, पण ते हलक्या हातानं ओढलं जातं. पिंपळाची पानं हलतात, आपण बघतो, जोर लावावा लागत नाही. बघता बघता मनात दुसरे विचारही येऊन जातात. जोर लावून धरायचं लक्ष तेवढा वेळ निवांत पडतं आणि भरून येतं. मोबाईलही जोर न लावता बघता येतो, मग फरक काय? फरक हा, की पडदा सगळं मन व्यापून टाकतो आणि पिंपळ मनाला जागा ठेवतो.

याच विद्यापीठातल्या संशोधकांनी 2008 साली एक साधा प्रयोग प्रसिद्ध केला. विद्यार्थ्यांना आकडे ऐकवायचे आणि उलट्या क्रमानं म्हणायला लावायचे. लक्ष थाऱ्यावर नसेल तर हे जमत नाही. मग त्यांना एकदा पाऊण-एक तास झाडांच्या बागेतून चालायला पाठवलं आणि दुसऱ्या वेळी गावातल्या रहदारीच्या रस्त्यानं. परत आल्यावर पुन्हा तीच परीक्षा. बागेतून आल्यावर आकडे चांगले सुधारले, रस्त्यानं आल्यावर तसे सुधारले नाहीत. पुढच्याच वर्षी, 2009 मध्ये, ज्या मुलांचं लक्ष मुळातच टिकत नाही अशा सात ते बारा वयाच्या मुलांवरचा एक लहानसा प्रयोग प्रसिद्ध झाला. बागेत वीस मिनिटं चालून आल्यावर त्यांची एकाग्रता शहरी रस्त्यावर चालून आल्यावर असते त्यापेक्षा बरी दिसली. असे प्रयोग थोड्या जणांवर होतात, त्यातून जादूची आशा धरू नये. पण दिशा कळते. चालणं दोन्हीकडं होतं, फरक पडला तो भोवतालानं.

आता तुमच्यातलं कुणीतरी म्हणेल, "मॅडम, ते अमेरिकेतल्या बागांचं झालं. आपल्याकडं काय आहे? कुसळं आणि वेडी बाभूळ." मार्च ते जून आपला जिल्हा कसा दिसतो ते मी रोज बघते. बालाघाटाचे बोडके माथे, तळ्यांना पडलेल्या भेगा, टँकरची वाट बघणाऱ्या घागरी. पण त्या 2008 च्या प्रयोगातली एक गोष्ट आपल्या कामाची आहे. काही जण बागेतून चालले ते गारठवणाऱ्या थंडीत. त्यांना ते चालणं फारसं आवडलं नव्हतं, तरी फायदा झालाच. म्हणजे निसर्ग देखणा असलाच पाहिजे, आपल्याला आनंद झालाच पाहिजे, अशी अट नाही. महाबळेश्वर नको, कोकण नको. बांधावरचं लिंबाचं झाड, शेळ्यांचा कळप, संध्याकाळचं आभाळ एवढ्यावर काम भागतं.

माझ्या मते खरी अडचण वेगळीच आहे आणि ती कुणी सभेत बोलून दाखवत नाही. आपण शेताकडं निसर्ग म्हणून बघतच नाही. आपल्यासाठी शेत म्हणजे सोयाबीनचा पडलेला भाव, रात्रीची लाईट, दावणीची वैरण आणि पावसानं मारलेली दडी. 'आमच्या वाट्याला आलं ते लेकराच्या वाट्याला येऊ नये' म्हणून तर आपण त्याला शिकवतोय. मग त्यालाच रानात पाठवायचं? कितीतरी घरांत मी ऐकलंय, "तू अभ्यास कर, शेताकडं यायची गरज नाही." यातली माया मला कळते. पण एक गंमत बघा. शेतातून सोडवलेलं लेकरू अभ्यासाकडं गेलं असं आपल्याला वाटतं, आणि ते गेलेलं असतं माडीवर, मोबाईल घेऊन.

मी मुलांना राबायला पाठवा म्हणत नाही. खुरपं नको, फवारणीचा पंप तर मुळीच नको. नुसतं जाऊ द्या, बसू द्या, भटकू द्या. त्याच्या हाताला काम नसताना त्याला रान कसं दिसतं, ते त्याचं त्याला कळू द्या.

एक उदाहरण देते. पावसाळ्यात आपल्याकडं विहिरीवर झुकलेल्या बाभळीला सुगरणीची घरटी लटकतात. जुलै-ऑगस्टात एकदा मुलाला तिथं, विहिरीच्या काठापासून लांब, बसवून बघा. घरटं विणतो तो नर, डोक्याला आणि छातीला हळदीसारखा पिवळा. तो ज्वारीच्या किंवा लांब गवताच्या पात्याला कडेला चोचीनं खाच पाडतो, टोक चोचीत धरून उडतो आणि पात्याची लांबच लांब चीर निघून येते. अशा चिरींनी आधी फांदीला गाठ, मग गोल कडं, मग वरची घुमटी. अर्ध्यावर काम थांबतं. नर पंख फडफडवत कलकलाट करतो, माद्या येतात, आत शिरून बघतात, ओढून बघतात. एखादीला घर पसंत पडलं तरच तो खालची लांब नळी विणून घर पुरं करतो. नाही पसंत पडलं तर ते अर्धंच लोंबकळत राहतं. त्या झाडावर अशी टाकून दिलेली अर्धी घरं मोजायला मुलाला सांगा. हे सगळं एका बैठकीत दिसत नाही. आठ-पंधरा दिवस पुन्हा पुन्हा जावं लागतं. काल कुठवर आलं होतं, आज किती झालं, याची आठवण ठेवावी लागते. दहा सेकंदांच्या तुकड्यांवर वाढलेल्या डोक्याला पंधरा दिवसांची गोष्ट धरून ठेवायची सवय लागते, आणि तीही कुणी 'लक्ष दे' असं न म्हणता.

दुसरं उदाहरण आपल्या जिल्ह्यानं अलीकडंच पाहिलं. डिसेंबर 2024 मध्ये येडशीच्या रामलिंग घाट अभयारण्यात वाघ कॅमेऱ्यात टिपला गेला. यवतमाळच्या टिपेश्वर अभयारण्यातून तो साडेचारशे-पाचशे किलोमीटर चालत आला होता. पुढं कित्येक दिवस पोरांच्या मोबाईलवर वाघच वाघ होते. त्यातले बरेच व्हिडिओ कुठल्या भलत्याच जंगलातले होते, आणि ते खरे मानून पोरं एकमेकांना पाठवत होती. मी वर्गात विचारलं, की हा वाघ यवतमाळहून इथवर आला कसा, वाटेत काय प्यायला, दिवसा कुठं लपला? एका मुलानं पटकन हात वर केला. शेळ्या राखायला जाणारा मुलगा. तो म्हणाला, "मॅडम, ओढ्यानं आला असंल. ओढ्याला झाडी असती अन् पाणीबी." वनखात्याचे लोकही जंगली जनावरांच्या वाटा सांगताना ओढे, नाले आणि त्यांच्या काठची झाडीच दाखवतात. या पोराला ते रानात हिंडून कळलं होतं. वर्गात तो मागच्या बाकावर बसतो आणि आपण त्याला 'ध्यान नसलेला' म्हणतो.

आपल्याकडं एक दिवस असा आहे, की या विषयावर मला भाषण करायची गरजच पडू नये. वेळा अमावस्या. आपल्या तोंडी येळवस. मार्गशीर्षातल्या अमावस्येला धाराशिव आणि लातूर जिल्हा, सोलापूरचा काही भाग घराला कुलूप लावून रानात जातो. जिल्हाधिकारी स्थानिक सुट्टी देतात. गावातला रस्ता ओस पडतो आणि बांधाबांधावर माणसं दिसतात. कडब्याची कोप, आत चुना लावलेले पाच पांडव, लक्ष्मीची पूजा. शेंगा, पालेभाज्या आणि मिळेल ते हिरवं घालून शिजवलेली भज्जी, बाजरीचे उंडे, गव्हाची खीर, मडक्यातली आंबट-तिखट आंबील. पुण्या-मुंबईला गेलेलेही त्या दिवशी गावाकडं येतात. ज्याला शेत नाही त्याला शेजारी हक्कानं बोलावतो.

त्या दिवशी मुलांकडं बघा. हरभऱ्याचे घाटे ओरबाडतात, बोरीखाली लोळतात, ज्वारीत लपाछपी खेळतात, झाडाला झोका बांधतात. दुपारी पोटभर जेवून कोपीच्या सावलीत पडलेलं पोरगं आभाळाकडं बघत असतं. मोबाईल खिशात असतो, पण दोन-तीन तास त्याची आठवण निघत नाही. कुणी भोंगा वाजवलेला नसतो, कुणी कपाटाला कुलूप घातलेलं नसतं. दुसऱ्या दिवशी शाळेत ही मुलं दमलेली दिसतात आणि तरीही वर्ग शांत असतो, हे मी वर्षानुवर्षं पाहतेय. अलीकडं मात्र त्यातही फरक पडतोय. कोपीपुढं आधी फोटो, मग रील, मग कुणी किती लाईक दिले ते बघणं आणि आंबील तशीच पडलेली. हे करणारी बहुतेक वेळा लेकरं नसतात, मोठी माणसं असतात.

वर्षातून एक येळवस पुरत नाही. पण तिच्यातलं थोडंसं रोजच्या दिवसात आणता येतं. कसं, ते सांगते.

मोबाईल बंद करण्याची वेळ आणि पुस्तक उघडण्याची वेळ यांच्या मधे वीस मिनिटं ते अर्धा तास ठेवा. त्या वेळात लेकरू घराबाहेर, झाडामातीत, पडदा न बघता. एवढं एकच सूत्र. मोहित्यांच्या वडगावसारखा नेम तुमच्या गावाला धरायचा असेल तर ग्रामसभेत सुचवा, की भोंगा अर्धा तास आधी वाजवू. पहिला अर्धा तास बाहेर आणि मग अभ्यास. शाळा सुटल्यावरही तेच. सहा तास बाकावर बसून आलेल्या मुलाच्या हाती आधी मोबाईल आणि मग शिकवणी, हा क्रम बदला.

दहावी-बारावीच्या मुलांचे पालक म्हणतील, आम्हाला वेळ नाही. लातूरच्या शिकवण्या, नीटची तयारी, सकाळी सहापासून रात्री अकरापर्यंत वेळापत्रक. पण ही मुलं अभ्यासाच्या मधे दहा मिनिटांची सुट्टी घेतातच की. त्या सुट्टीत काय करतात, तेवढं बघा. पलंगावर पडून रील बघितली तर सुट्टी संपते आणि थकवा तसाच राहतो. तेवढीच दहा मिनिटं गच्चीवर फिरली, तुळशीला पाणी घातलं, समोरच्या लिंबावरच्या खारी बघितल्या, तर पुढच्या तासाला काहीतरी शिल्लक राहील. वेळापत्रकातलं एक मिनिटही यात जात नाही.

धाराशिव शहरात राहणाऱ्यांनी शेत नाही म्हणून हात वर करू नयेत. हातलाई देवीचा डोंगर आहे, धाराशिव लेण्यांचा परिसर आहे, शाळांची मैदानं आहेत. सुट्टीच्या दिवशी पावसाळ्यात रामलिंगला जा, नळदुर्गला बोरी नदीचे नर-मादी धबधबे बघा, तेरला तेरणेच्या काठी बसा. फक्त जायचं ते बसायला आणि बघायला. पाच ठिकाणं पाच तासांत उरकून प्रत्येक ठिकाणी फोटो काढले, तर घरी बसून पडदा सरकवला काय आणि गाडीतून ठिकाणं सरकवली काय, सारखंच.

मुलींचा विषय निघाला की आया गप्प होतात. पोरगं बांधावर जातं, पोरगी घरात राहते आणि तिच्या हाती मोबाईल राहतो. काळजी खोटी नाही. पण त्यावर उपाय घरात कोंडण्याशिवायही आहेत. आई, आजी, चुलती सोबत असू द्या. चार मैत्रिणी मिळून देवळाच्या पटांगणात, शाळेच्या मैदानात जाऊ द्या. उन्हाळ्यात माळवदावर अंथरुणं टाकली की आभाळ तिच्याही वाट्याचं असतं. उत्तरेकडं म्हातारीचं बाजलं आणि ते पळवणारे तीन चोर तिला दाखवा. पुस्तकात त्यांनाच सप्तर्षी म्हणतात. ते रात्रीत कुठून कुठं सरकतात, हे बघायला ती स्वतःहून जागी राहील.

जपायच्या गोष्टी स्पष्ट सांगते, कारण त्यात हयगय चालत नाही. शेततळ्याच्या कडेला एकटं लेकरू सोडू नका. प्लॅस्टिकवरून पाय घसरला तर पोहणाऱ्यालाही वर येता येत नाही. कठडा नसलेल्या विहिरीचं तेच. पावसाळ्यात पायात बूट आणि अंधार पडला की बॅटरी हवीच. वीज कडाडू लागली की झाडाखाली थांबायचं नाही, घर गाठायचं. अभयारण्यात वाटेवरूनच चालायचं, वनखात्यानं बंद सांगितलं तर जायचं नाही. उन्हाळ्यात सकाळी नऊच्या आत किंवा दिवस कलल्यावर. एवढं पाळलं की बाकीची भीती सोडून द्या. ढोपर फुटणं, काटा मोडणं, कपडे मळणं याला दुखापत म्हणत नाहीत.

ऊसतोडीला जाणाऱ्या आईवडिलांसाठी दोन शब्द वेगळे. दिवाळीनंतर तुम्ही कोयता घेऊन पाच-सहा महिने लांब जाता, लेकरं आजी-आजोबांकडं राहतात. त्यांच्यासाठी मोबाईल म्हणजे आईचा आवाज. तो हिसकावून घ्या असं मी कधीच म्हणणार नाही. पण फोन करायची वेळ ठरवून घ्या, म्हणजे लेकरू दिवसभर फोनजवळ बसून राहणार नाही. आणि फोनवर 'अभ्यास केलास का' याच्याबरोबर हेही विचारा, की आपली शेळी व्याली का, ओढ्याला पाणी आहे का, दारातल्या शेवग्याला शेंगा लागल्या का. तुम्हाला सांगायचं म्हणून ते जाऊन बघून येईल. आजोबांना मोबाईलमधलं काही कळत नाही म्हणून त्यांना कमी लेखू नका. कोणत्या पाखराच्या ओरडण्यानं पाऊस येतो म्हणतात, मृगाचा लाल मखमली किडा कधी दिसतो, कोणत्या मातीत कोणतं गवत, हे सगळं त्यांच्याजवळ आहे आणि ते विचारणारं कुणी उरलेलं नाही.

आता थोडं आपल्याबद्दल. लेकराला बाहेर घेऊन गेलात आणि बांधावर बसून स्वतः बाजारभावाचे गट चाळत राहिलात, तर ते तुमच्याकडंच बघेल. अर्धा तास फोन घरी चार्जिंगला लावून निघा. कुणाचा महत्त्वाचा फोन आला तर? आपल्या लहानपणी आईबाप दिवसभर शेतात असायचे आणि निरोप संध्याकाळी कळायचे. अर्ध्या तासानं कळलं तर आज तरी काय अडणार आहे? पहिले काही दिवस लेकरू कुरकुर करेल. 'कंटाळा आला' म्हणेल. त्या कंटाळ्यावर लगेच इलाज करू नका. खेळ सुचवू नका, माहिती सांगत सुटू नका, 'हे बघ, ते बघ' करू नका. कंटाळलेलं पोरगं थोड्या वेळानं आपणहून काडीनं माती उकरायला लागतं, मुंगळ्यांची रांग कुठं जाते ते बघायला लागतं. तिथंच झरा फुटतो. आपण मधे बोललो की तो बुजतो.

आणि पुढच्या घटक चाचणीत मार्क वाढतील, अशी अपेक्षा ठेवून हे करू नका. मार्कांना आणखी दहा कारणं असतात. तुम्हाला आधी दिसेल ते दुसरंच. जेवताना ते प्रश्न विचारायला लागेल. सगळी सुगरणीची घरटी झाडाच्या एकाच बाजूला का? शेळीच्या डोळ्यातली बाहुली आडवी का? बोरला पाणी लागलं नाही, मग शेजारच्याला कसं लागलं? असा प्रश्न आला की तुमचा हात सवयीनं मोबाईलकडं जाईल, कारण उत्तर तिथं अर्ध्या मिनिटात मिळतं. तेवढा हात आवरा. 'मलाही माहीत नाही, उद्या जाऊन बघू' असं म्हणा. आजोबांना विचारा म्हणा, शाळेत मला विचारायला सांगा. मलाही येत नसेल तर आम्ही दोघं मिळून पुस्तकात शोधू. एक प्रश्न रात्रभर डोक्यात घेऊन झोपता येणं आणि सकाळी तो तसाच आठवणं, अभ्यासाला लागतं ते ध्यान हेच आहे.